वय गेलं, असं म्हणू नका

(दहावी १९८६ च्या तुकडीच्या स्नेहमेळाव्यात, दौंड येथे केलेल्या भाषणाचा मजकूर)



संयोजकांनी मला दिलेला विषय आहे 'पन्नाशीनंतरचा व्यायाम'. सकाळी या हॉलचा जिना चढताना आपल्यातले निम्मे जण कठडा धरून वर आले, हे मी खाली उभी राहून मोजलं आहे. तेव्हा विषय गरजेचा आहे यात शंका नाही. तो दोन मिनिटांत आटोपते. रोज चाला. जमिनीवर मांडी घालून बसायची सवय सोडू नका. आणि गुडघा दुखायला लागला तर व्हॉट्सॲपवर आलेला उपाय करू नका, डॉक्टरांना दाखवा. झाला विषय.

उरलेल्या वेळात मला एका बाईंबद्दल बोलायचं आहे. त्या आपल्या शाळेच्या नाहीत, आपल्या देशाच्याही नाहीत. त्यांचं नाव आग्नेश केलेटी. हंगेरीच्या जिम्नॅस्ट. हंगेरी म्हणजे युरोपच्या मधोमध असलेला देश, आकारानं महाराष्ट्राच्या तिसऱ्या हिश्श्याहूनही थोडा लहान. २ जानेवारी २०२५ ला बुडापेस्टमध्ये त्या वारल्या. आणखी एक आठवडा जगल्या असत्या तर १०४ वर्षांच्या झाल्या असत्या. तेव्हा हयात असलेल्या ऑलिंपिक विजेत्यांमध्ये त्या वयानं सगळ्यांत मोठ्या होत्या.

ही बातमी मी न्हावऱ्याच्या स्टँडवर शिरूरच्या गाडीची वाट बघत असताना मोबाईलवर वाचली. तीस वर्षं मी खेळाची शिक्षिका आहे, आणि हे नाव मला माहीत नव्हतं, याची आधी लाज वाटली. मग एका ओळीवर नजर अडकली. या बाईंनी पस्तिसाव्या वर्षी एकाच ऑलिंपिकमध्ये चार सुवर्णपदकं जिंकली होती. धावण्यात किंवा नेमबाजीत नाही, जिम्नॅस्टिकमध्ये. गाडी आली, मी चढले, शिरूर येईपर्यंत तेच डोक्यात. त्यानंतर या बाईंबद्दल जे मिळेल ते वाचत गेले. ते आज तुम्हाला सांगावंसं का वाटलं, त्यासाठी मला थोडं मागं जावं लागेल, आपल्या नववीत.

१९८४ चा ऑगस्ट. लॉस एंजेलिसला ऑलिंपिक चालू होतं. पी. टी. उषा चारशे मीटर अडथळ्यांच्या शर्यतीत चौथी आली. पदक सेकंदाच्या शंभराव्या भागानं हुकलं. दुसऱ्या दिवशी प्रार्थनेनंतर आपल्या पी.टी.च्या सरांनी पेपर वाचून दाखवला आणि 'शंभरावा भाग म्हणजे किती' हे सांगायला टाळी वाजवून म्हणाले, 'एवढा पण नाही.' सर, तुम्ही समोर बसला आहात, तुम्हाला आठवत असेल. त्या आठवड्यात शाळेतल्या सगळ्या मुली पळत होत्या. पाण्याच्या टाकीपर्यंत जायचं तरी पळत.

मी पळण्यात कधीच बरी नव्हते. माझा जीव दोरावर होता. मैदानाच्या कडेच्या कडुलिंबाला सरांनी सुती दोर बांधला होता. आम्ही आठ मुली त्यावर मल्लखांब करायचो. पायाच्या अंगठ्यात आणि शेजारच्या बोटात दोर धरून वर सरकायचं, मांडीला पीळ घ्यायचा आणि हात सोडून द्यायचे. पहिल्यांदा हात सोडले तेव्हा पोटात खड्डा पडला होता, तो मला अजून आठवतो. सुट्टीच्या दिवशी भीमेच्या वाळूत कोलांट्या. मॅट नावाची गोष्ट आम्ही तेव्हा पाहिली नव्हती. वाळू होती, पडलं तरी लागायचं नाही.

दिवाळीच्या सुट्टीत आई म्हणाली, 'आता मोठी झालीस. दोरावर लटकायचं वय गेलं.' बस, एवढंच. मारलं नाही, ओरडली नाही. वडील रेल्वेत होते, क्वार्टरमध्ये सगळे सगळ्यांना ओळखायचे, चार बायका चार गोष्टी बोलल्या असतील. शाळा सुरू झाल्यावर सरांनी विचारलं, 'का गं, येत नाहीस?' मी म्हणाले, 'पोट दुखतं.' सर, ते खोटं होतं. आज ४१ वर्षांनी कबूल करते.

मी एकटीच नव्हते. दहावीत गेलो तेव्हा आठातली एकही दोरावर नव्हती. प्रत्येकीचं कारण वेगळं होतं, वाक्य मात्र एकच होतं. त्या आठातल्या पाच जणी आज इथे बसल्या आहेत. त्यांना विचारा.

आता आग्नेश केलेटींकडे वळते. त्यांच्या बाबतीत 'वय गेलं' म्हणायच्या किती वेळा आल्या, तेवढं फक्त मोजत राहा.

जन्म ९ जानेवारी १९२१, बुडापेस्ट. घर ज्यू. जन्माचं आडनाव क्लाईन, पुढे त्यांनी केलेटी हे हंगेरियन धाटणीचं आडनाव घेतलं. लहानपणीच जिम्नॅस्टिक सुरू झालं आणि सोळाव्या वर्षी त्या देशाच्या विजेत्या झाल्या. १९४० चं ऑलिंपिक त्यांचं व्हायचं, असं सगळे धरून चालले होते. तेव्हा त्या एकोणीस वर्षांच्या असत्या. युद्ध सुरू झालं आणि ऑलिंपिक रद्द झालं. ही पहिली वेळ.

१९४१ मध्ये क्लबनं त्यांना काढून टाकलं. खेळ कमी पडला म्हणून नव्हे, ज्यू म्हणून. काल ज्या हॉलमध्ये सराव केला, तिथे आजपासून पाऊल टाकायचं नाही. ही दुसरी वेळ.

१९४४ मध्ये जर्मन फौजा हंगेरीत शिरल्या. ज्यूंना गाड्यांत कोंबून छळछावण्यांकडे पाठवणं सुरू झालं. लग्न झालेल्या बायकांना नेत नाहीत अशी अफवा होती, म्हणून त्यांनी घाईनं लग्न केलं. नवरा इश्तवान शारकानी, तोही जिम्नॅस्ट. अफवेवर किती दिवस जगणार? मग त्यांनी पिरोश्का युहास नावाच्या एका ख्रिश्चन मुलीची ओळखपत्रं मिळवली. ते नाव लावून खेड्यात जाऊन मोलकरणीचं काम केलं. देशाची विजेती खेळाडू परक्याच्या घरी भांडी घासत होती, आणि खरं नाव तोंडातून निघालं तर मरण होतं. त्या हिवाळ्यात बुडापेस्टला वेढा पडला. रस्त्यांवर पडलेली प्रेतं सकाळी गोळा करून सामुदायिक खड्ड्यात नेण्याचं कामही त्यांच्या वाट्याला आलं.

त्या वाचल्या. आई आणि बहीण वाचल्या, त्या राऊल वॉलेनबर्ग या स्वीडिश अधिकाऱ्यामुळे. त्यांनी बुडापेस्टमध्ये हजारो ज्यूंना स्वीडनच्या संरक्षणाखाली घेतलं होतं. वडील आणि इतर काही नातलग आउशविट्झहून परत आले नाहीत. १९४४ चं ऑलिंपिकही रद्द झालंच होतं. ही तिसरी वेळ.

युद्ध संपलं तेव्हा त्या चोवीस वर्षांच्या होत्या. त्यांना चेलो वाजवता येत होता. हे व्हायोलिनच्या घराण्यातलं मोठं वाद्य, गुडघ्यांत धरून वाजवायचं. त्यावर काही दिवस पोटही भरलं. आणि त्या पुन्हा जिम्नॅस्टिककडे गेल्या. मला इथे थांबावंसं वाटतं. वडील नाहीत, शहराचे ढिगारे झालेले, जेवायची भ्रांत, आणि ही मुलगी सरावाला जाते. पुढे त्या मुलाखतींत सांगायच्या की पदकांपेक्षा त्यांना जग बघायला मिळायचं, म्हणून त्या खेळत राहिल्या. हे वाचून मला हसू आलं. दौंड जंक्शनच्या पोरी आपण. सगळ्या हिंदुस्थानच्या गाड्या आपल्या डोळ्यांसमोरून जायच्या आणि आपण पुलावर उभ्या राहून डब्यांवरच्या पाट्या वाचायचो. जग बघायची हौस काय असते, हे आपल्याला वेगळं सांगायला नको.

१९४८, लंडन. संघात निवड झाली, त्या लंडनला पोचल्या, आणि घोट्याचा अस्थिबंध फाटला. हंगेरीच्या मुलींनी रौप्यपदक मिळवलं, या मैदानाबाहेरून बघत राहिल्या. वय सत्तावीस. ही चौथी वेळ.

आता तुम्ही मला सांगा, आपल्या घरात, आपल्या शाळेत अशी मुलगी असती तर आपण काय म्हणालो असतो? 'खूप केलंस, आता पुरे.' तेही प्रेमानं म्हणालो असतो.

१९५२, हेलसिंकी. हे ऑलिंपिक आपल्याला एका नावासाठी पाठ आहे. कराडजवळच्या गोळेश्वरचे खाशाबा जाधव. स्वतंत्र भारताचं पहिलं वैयक्तिक पदक, कुस्तीतलं कांस्य. तेही आधी १९४८ ला लंडनला जाऊन सहावे आले होते आणि चार वर्षांनी लोकांच्या वर्गणीवर पुन्हा गेले होते. त्याच हेलसिंकीत केलेटींनी आपलं पहिलं ऑलिंपिक खेळलं, एकतिसाव्या वर्षी. फ्लोअर म्हणजे मोकळ्या जमिनीवरच्या कसरतीत सुवर्ण, संघाला रौप्य, आणि दोन कांस्यपदकं. एकोणिसाव्या वर्षी जे व्हायचं, ते बारा वर्षांनी झालं. दोन वर्षांनी, १९५४ मध्ये रोमला, अनइव्हन बार्सवर त्या विश्वविजेत्या झाल्या. एक उंच आणि एक बुटका अशा दोन आडव्या दांड्या असतात, एकीवरून दुसरीवर झेपावायचं, तो हा प्रकार.

आणि मग १९५६, मेलबर्न. हंगेरीत ऑक्टोबरमध्ये लोकांनी उठाव केला. नोव्हेंबरच्या सुरुवातीला रशियन रणगाडे बुडापेस्टमध्ये घुसले. २२ नोव्हेंबरला ऑलिंपिक सुरू झालं. घरी माणसं जिवंत आहेत की नाहीत याची चिंता, आणि समोर स्पर्धेला रशियाचाच संघ. याच ऑलिंपिकमध्ये हंगेरी आणि रशिया यांचा वॉटर पोलोचा सामना इतका चिघळला की खेळाडूचं रक्त पाण्यात सांडलं. जिम्नॅस्टिकमध्ये मारामारी करता येत नाही. तिथे फक्त तोल सांभाळायचा असतो.

केलेटी पस्तीस वर्षांच्या होत्या. समोर होती लारिसा लॅटिनिना, वय एकवीस, जी पुढे या खेळातली दंतकथा झाली. फ्लोअरवर दोघींचे गुण सारखे झाले, सुवर्ण दोघींना मिळालं. बार्सवर सुवर्ण केलेटींना. बॅलन्स बीमवरही सुवर्ण. बीम म्हणजे पाच मीटर लांब आणि जेमतेम दहा सेंटिमीटर रुंद लाकडी तुळई. तुमच्या तळहाताच्या रुंदीएवढी जागा, आणि तिच्यावर कोलांट्या. सर्व प्रकार मिळून जी एकूण स्पर्धा असते तिच्यात त्या दुसऱ्या आल्या, लॅटिनिनाच्या मागे अवघ्या ०.३ गुणांनी. संघालाही रौप्य.

चौथं सुवर्ण कशाचं, ते ऐकून तुम्हाला गंमत वाटेल. तेव्हा महिलांची एक सांघिक स्पर्धा असायची. हातात साधन घ्यायचं आणि संगीताच्या तालावर सगळ्या मुलींनी एकसारख्या हालचाली करायच्या. म्हणजे आपण पंधरा ऑगस्टला आणि सव्वीस जानेवारीला करायचो ती सामूहिक कवायतच. आपल्याकडे डंबेल्स आणि लेझीम होती. आपल्या ओळीत एकीचा हात उशिरा वर गेला की सर शिट्टी वाजवायचे. तिथे तेवढ्यावर गुण जायचे. त्या स्पर्धेत हंगेरी पहिली आली. मेलबर्ननंतर तो प्रकार ऑलिंपिकमधून काढून टाकला. नाहीतर आपल्या लेझीमपथकालाही आशा होती.

एका ऑलिंपिकमध्ये चार सुवर्ण, दोन रौप्य. दोन ऑलिंपिक मिळून दहा पदकं, त्यांत पाच सुवर्ण. आणि महिला जिम्नॅस्टिकमध्ये एवढ्या वयाला ऑलिंपिक सुवर्ण दुसऱ्या कुणी जिंकलेलं नाही.

त्या घरी परतल्या नाहीत. ऑस्ट्रेलियात आश्रय मागितला. १९५७ मध्ये इस्रायलला गेल्या आणि तिथेच राहिल्या. आई आणि बहीण तिकडे आल्या. पहिलं लग्न आधीच मोडलं होतं. तिथे त्यांनी हंगेरीहूनच आलेल्या एका शारीरिक शिक्षण शिक्षकाशी लग्न केलं, दोन मुलगे झाले. आणि मग तीस वर्षांहून जास्त काळ त्यांनी काय केलं? शिकवलं. नेतान्याजवळच्या विंगेट संस्थेत खेळाचे शिक्षक घडवले, इस्रायलच्या राष्ट्रीय संघाला तयार केलं. थोडक्यात, त्या पी.टी.च्या बाई झाल्या. २०१५ मध्ये बुडापेस्टला परत गेल्या. २०१७ मध्ये इस्रायलनं आपला सर्वोच्च सन्मान, इस्रायल पुरस्कार, त्यांना दिला. नव्वदी उलटल्यावरही पाय सरळ वर नेऊन दाखवायच्या आणि पाहुण्यांना घाबरवायच्या.

आता एक गोष्ट प्रामाणिकपणे सांगायला हवी, नाहीतर सर मला शिट्टी मारतील. कुणीही उठावं आणि पस्तिसाव्या वर्षी जिम्नॅस्ट व्हावं, असा याचा अर्थ नाही. केलेटींचा पाया लहानपणी घातलेला होता. त्या काळातल्या कसरती आजच्याइतक्या जिवावरच्या नव्हत्या. पुढे १९७६ मध्ये माँट्रिअलला चौदा वर्षांच्या नादिया कोमानेचीनं दहापैकी दहा गुण मिळवले. ते दाखवायची सोय फलकावर नव्हती म्हणून तिथे १.०० असं उमटलं. त्यानंतर हा खेळ लहान मुलींचा झाला. इतका, की मोठ्या आंतरराष्ट्रीय स्पर्धांसाठी किमान वय १९९७ पासून सोळा करावं लागलं.

तरीही बघा. २०१६ ला रिओमध्ये त्रिपुराची आपली दीपा कर्माकर व्हॉल्टच्या अंतिम फेरीत चौथी आली. कांस्यपदक ०.१५० गुणांनी हुकलं. उषाचा शंभरावा भाग मला पुन्हा आठवला. त्याच अंतिम फेरीत उझबेकिस्तानची ओक्साना चुसोवितिना होती, वय एक्केचाळीस. आणि दीपा? मधे दुखापती, शस्त्रक्रिया, अडचणी, सगळं झालं. 'दीपा संपली' असं लोक म्हणून मोकळे झाले होते. मे २०२४ मध्ये ताश्कंदला तिनं आशियाई स्पर्धेत व्हॉल्टचं सुवर्ण जिंकलं. असं सुवर्ण जिंकणारी ती पहिली भारतीय. वय तीस. जिंकून झाल्यावर, त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये, तिनं निवृत्ती स्वतः जाहीर केली. आता थांबायचं, हे तिचं तिनं ठरवलं.

आपल्या मातीतला खेळ म्हणाल, तर २०२१ च्या अर्जुन पुरस्कारांच्या यादीत मल्लखांबासाठी हिमानी परबचं नाव आहे. आपल्या कडुलिंबावर होता तोच खेळ. ते वाचलं तेव्हा आम्हा आठ जणींच्या ग्रुपवर मी फक्त दोराचं चित्र टाकलं होतं. सगळ्यांना कळलं.

आता जे सांगायचं आहे ते जड आहे. इथल्या कुणाला ते माहीत नाही.

लग्नानंतर मी शिरूर तालुक्यात गेले, तिथून बी.पी.एड. केलं आणि तिकडच्याच एका शाळेत लागले. तो ऊसपट्टा. दिवाळीनंतर कारखाना सुरू झाला की तोडणीच्या टोळ्या येतात, कोप्या पडतात, आणि त्यांतली काही मुलं चार महिने आमच्या शाळेत बसतात. २०१० च्या सुमाराला अशीच एक मुलगी आली, बीडकडची. तेरा वर्षांची. आठवीत बसवली. मी तिला पहिल्यांदा नीट पाहिलं ते शाळेत नव्हे, फडावर. ट्रकला लावलेल्या फळीवरून डोक्यावर उसाची मोळी घेऊन ती वर जात होती. फळी वाकत होती, तिची मान हलत नव्हती. वर मोळी टाकली आणि त्याच फळीवरून पळत खाली आली.

दुसऱ्या दिवशी मी तिला मैदानावर बोलावलं. आमच्याकडे एक दोर होता. दोन आठवड्यांत ती जे करायला लागली, ते आमच्या मुलींना दोन वर्षांत जमलं नव्हतं. महिनाभरानं एकदा तिनं विचारलं, 'बाई, ह्याचं खरं खरं शिकता येतं का? पुण्याला?' आणि मी शास्त्रशुद्ध उत्तर दिलं. म्हणाले, 'बाळा, ते सहाव्या-सातव्या वर्षी सुरू करावं लागतं. आता तुझं वय गेलं.'

'बरं बाई,' म्हणाली. हसली सुद्धा. पण त्यानंतर ती दोरावर चढली नाही. मी बोलावलं की म्हणायची, 'पोट दुखतं.'

तेव्हा तरी माझ्या लक्षात यायला हवं होतं. नाही आलं. फेब्रुवारीच्या शेवटी कारखान्याचा पट्टा पडला, एका सकाळी कोप्या उठल्या, मुलगी गेली. पुढच्या हंगामात दुसरी टोळी आली. ती आज कुठे आहे, मला माहीत नाही. असेल अठ्ठावीस-एकोणतीस वर्षांची. केलेटींनी पहिलं ऑलिंपिक खेळलं त्याहून लहान.

त्या दिवशी न्हावऱ्याच्या स्टँडवर बातमी वाचताना मला पहिल्यांदा ऐकू आलं, की माझ्या आईचं वाक्य माझ्याच तोंडून निघालं होतं. आईला मी दोष देत नाही. ती चौथी शिकलेली, तिला जे दिसत होतं त्याप्रमाणे ती बोलली. मी तर शिकलेली होते, माझ्या हातात दोर होता. आणि मी दिलेली माहिती खोटीही नव्हती. ती मुलगी ऑलिंपिकला गेली असती, असं मी म्हणत नाही. पण तिनं मला ऑलिंपिकबद्दल विचारलंच नव्हतं. शिकता येईल का, एवढंच विचारलं होतं. त्याचं उत्तर 'हो' होतं.

केलेटींना महायुद्धानं थांबवलं, कायद्यानं थांबवलं, घोट्यानं थांबवलं. त्या परत आल्या, कारण थांबवणारं जे काही होतं ते बाहेरचं होतं, आणि एके दिवशी ते संपलं. आपल्या मुलींना आपली माणसं थांबवतात, आणि तेही मायेनं. मग परत यायला वाट राहत नाही, कारण वाट अडवणाऱ्याचा रागही धरता येत नाही.

म्हणून आज माझी एक मागणी आहे. आपण जी वर्गणी गोळा केली आहे तिच्यातून शाळेला कमान बांधायची असं ठरतं आहे. कमानीवर तुकडीचं नाव येईल, मलाही आवडेल. पण बोलायची संधी मिळाली आहे तर माझं मत सांगते. कमान राहू द्या. शाळेला चांगल्या मॅट घ्या. सुती दोर दोन घ्या. आणि एक बुटकी बीम करून घ्या. पाच मीटर लांब, दहा सेंटिमीटर रुंद, जमिनीपासून फूटभर उंच. आपल्यातल्या एका मित्राची लाकडाची वखार आहे, तो आत्ताच मान हलवतो आहे, म्हणजे लाकडाचा प्रश्न सुटला.

पैशांशिवाय दुसरी मागणी शाळेकडे आहे, आणि ती अवघड आहे. नववी-दहावीच्या मुलींचा खेळाचा तास गणिताला द्यायचा नाही. गणिताच्या बाई समोर बसल्या आहेत. बाई, तुम्ही माझा तास घेतला नसतात तर मी नापास झाले असते, हे मला मान्य आहे. तरीही म्हणते.

माझ्या बाजूनं मी एक शब्द देते. अजून दोन वर्षांनी मी निवृत्त होईन. तोपर्यंत महिन्यातले दोन शनिवार दुपारी, आणि निवृत्तीनंतर प्रत्येक शनिवारी, मी शिरूरहून इथे येऊन मुलींना शिकवीन. चौफुल्याला गाडी बदलावी लागते, बदलीन. कुठल्याही इयत्तेच्या मुलीनं यावं. ऊसतोडीच्या टोळ्या आपल्या दौंड तालुक्यातही येतात. त्यांच्या मुलींनी तर यावंच, चार महिन्यांसाठी आल्या तरी. आणि आमच्या आठ जणींपैकी ज्यांना गुडघे साथ देतील त्यांनीही यावं. हात सोडायचे नाहीत, नुसता दोर धरला तरी चालेल.

सकाळी हॉलमध्ये यायच्या आधी मी मैदानावर जाऊन आले. कडुलिंब अजून आहे. आपण जिला दोर बांधायचो ती फांदी आता माझ्या कमरेएवढी जाड झाली आहे, म्हणजे चांगलीच जाड झाली आहे. सर, गाठ कशी मारायची ते मी विसरले आहे. जेवणं झाली की मैदानावर या आणि मला दाखवा.